आण्णांच्या इतिहासाचा उत्तरार्ध

अध्यक्षस्थान स्वीकारून या सभेला शोभा आणणारे ओतूरचे श्रीमान दलीचंद शेठजी, त्यांच्या उजव्या हाताला बसलेले मामलेदारसाहेब, आज ज्यांना आपण निरोप देत आहोत ते आमचे गुरुवर्य सावळेराम आण्णा वायाळ, आण्णांचे दुसरे लेखनसाहाय्यक रा. रा. धरमचंद, ओतूर, बेल्हे, मंचर इकडून गाड्या जुंपून जुन्नरास आलेले वडीलधारे सद्गृहस्थ, आणि चिकाच्या पडद्याआड बसलेल्या माताभगिनींनो,

'दुसरे' हा शब्द मी केवळ क्रमाने वापरला आहे. आण्णांकडे मी आधी आलो आणि धरमचंद नंतर आले, एवढाच त्याचा अर्थ. ते अध्यक्षांचे चिरंजीव आहेत, या धर्मशाळेतली बैठक, दिवे, गुलाबपाणी हे सारे त्यांच्या घरून आले आहे, हे मी विसरलेलो नाही. त्याबद्दलचे आभार शेवटी मानायचे असे कागदावर लिहून ठेवले आहे.

मी रखमाजी, राहणार अवसरी बुद्रुक. शिक्षण मराठी पाचवीपर्यंत. पुढे प्लेगात शाळा बंद झाली; ती इतरांसाठी पुन्हा उघडली, माझ्यासाठी उघडली नाही. हे भाषण मी लिहून आणले आहे आणि पुन्हा पुन्हा तपासले आहे. बोलताना काही चुकले तर तो दोष माझ्या घशाचा समजावा. कागदावर चूक नाही.

माझ्यानंतर धरमचंद बोलतील आणि त्यांच्यानंतर गुरुवर्य स्वतः. त्या वेळी ते एक गोष्ट जाहीर करणार आहेत. त्यांच्या 'जुन्नर प्रांताच्या इतिहासा'चा पूर्वार्ध छापून झाला. उत्तरार्धाची टाचणे तयार आहेत, पण दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरल्यामुळे तो ग्रंथ त्यांच्या हातून पुरा होणार नाही. उद्या ते नाशिकास लेकीकडे राहावयास जात आहेत. तेव्हा उत्तरार्ध आम्हां दोघांपैकी कोणी लिहायचा आणि पहिल्या पानावर आण्णांच्या नावाखाली कोणाचे नाव यायचे, हे आज ठरायचे आहे. आपणां सर्वांना हे ठाऊक आहेच. सकाळपासून बाजारपेठेत मला दुसरे कोणी काही विचारलेच नाही. रामराम नाही, जेवलास का नाही, एकच प्रश्न, "काय रं रखमा, तू का त्यो शेठजीचा?"

असो. आण्णांच्या चरित्राविषयी चार शब्द बोलण्याची मला आज्ञा आहे.

आण्णांचा जन्म आमच्याच अवसरीचा. घरी शेती. मोडी ते कुलकर्ण्यांच्या ओसरीवर बसून शिकले आणि पुढे ओतूरच्या शाळेत मास्तर झाले. त्या काळी आपल्या मुलखाचा इतिहास लिहावा असे या तालुक्यात कोणाच्या मनात आले होते? किल्ला समोर उभा, लेणी डोंगरात कोरलेली. पण विचारले तर सगळे म्हणणार, पांडवांनी केले. आण्णांना पांडवांवर थांबायचे नव्हते. त्यांनी वर्गातल्या मुलांना सांगितले, उद्या घरी आजोबांना विचारून एक एक जुनी गोष्ट आणा. दुसऱ्या दिवशी सगळा वर्ग मुका. छडी दाखवली, तरी मुका. शेवटी एक मुलगा उठून म्हणाला, "गुर्जी, आमच्या आज्यानं किल्ल्यावरची तोफ बघितली." त्याच्या शेजारचा लगेच उठला. "त्याच्या आज्यानं नुसती बघितली. आमच्या आज्यानं ती वढून नेली!" तिसरा म्हणाला, "वढली ती आमच्या बैलांनी!" मग वर्ग आवरेना.

त्यातले खरे किती आणि रचलेले किती, हे आण्णांनी पुढे निवडून काढले. पण ते नेहमी म्हणत की इतिहास कसा गोळा करायचा ते मी त्या दिवशी शिकलो. माणूस विचारल्याने बोलत नाही. शेजारी बोलला की बोलतो.

पुण्याचे विद्वान इतिहास लिहितात ते दप्तरखान्यात बसून. आण्णांनी लिहिला तो बेल्ह्याच्या बैलबाजारात बसून. हे मी अलंकार म्हणून सांगत नाही. मी त्यांच्या शेजारी दौत धरून बसत होतो. त्यांची ती पद्धत या सभेत पुष्कळांनी अनुभवली आहे, तेव्हा एक हकिकत सांगतो. ज्यांची ती आहे ते धर्माजी पाटील आणि गेणभाऊ दोघेही आज आले आहेत. एक उत्तरेच्या भिंतीला टेकले आहेत, एक दक्षिणेच्या. सांगण्याची परवानगी मी दोघांकडून वेगवेगळी घेतली आहे, कारण एकत्र घेता येत नव्हती.

त्यांचे गाव बेल्ह्याच्या वाटेवर. धर्माजी पाटील वरच्या आळीचे, गेणभाऊ खालच्या आळीचे. पोळ्याला वेशीत तोरण बांधतात आणि त्याखालून मानाचा बैल पहिला जातो. तो बैल खालच्या आळीचा, गेणभाऊंचा. वरच्या आळीचे म्हणणे, मान मुळात आमचा. बरीच वर्षे हा वाद नुसता तोंडी चालला होता.

आण्णा बाजारात धर्माजी पाटलांशेजारी जाऊन बसले. एका खोंडाचे दात पाहिले, पाठ थोपटली आणि सहज म्हणाले, "पाटील, गेणभाऊंच्या घरी म्हणे फार जुना कागद आहे. लोक फार बोलतात."

"कुणाच्या? गेण्याच्या?" पाटलांनी चिलीम बाजूला ठेवली. "अवो, त्याच्या आज्याला अंगठा सुदिक नीट उठवता येत नव्हता. त्याच्याकडं कसला कागुद! बैल राहूंद्या, चला राव आमच्या घरी. खरा कागुद काय असतो ते दावतो."

घरी गेलो. पाटलांनी देव्हाऱ्यातून लाल कापडाचे पुडके काढले, पाया पडले आणि उलगडले. सभाजन हो, आत कागद होता, पण त्यावर एकही अक्षर नव्हते. दर दसऱ्याला तो पाटावर मांडून, पाण्याचा हात फिरवून, हळदकुंकू वाहायची त्या घरची रीत. हळदीचा आणि कुंकवाचा असा थर बसला होता की कागद पापडासारखा वाजत होता. आण्णांनी विचारले, "यातले काही वाचता येते का?"

"वाचायला कशाला?" पाटील म्हणाले. "पुजायचा कागुद हाय त्यो. सात पिढ्या पुजतोय आमी."

आण्णांनी त्या कागदाला नमस्कार केला आणि आम्ही परतलो. मला वाटले, फेरी वाया गेली. दुसऱ्या दिवशी गेणभाऊ आपण होऊन मुक्कामाच्या जागी हजर.

"आण्णा, काल वरच्या आळीला गेलता म्हनं. काय दावलं त्यांनी?"

"काय सांगू गेणभाऊ! देव्हाऱ्यात ठेवलेला कागद. त्या घरची निष्ठा मोठी."

"निष्ठा आमच्याकडं बी हाय की! आमचा देव्हाऱ्यात न्हाई, पर कागुद हाय. कणगीच्या बुडाशी घातलाय. उंदीर लागू ने म्हून वर दगुड ठिवलाय." आणि अर्ध्या तासात तो कागद त्यांनी आमच्यापुढे टाकला. नव्यासारखा करकरीत. अक्षर न् अक्षर वाचता येत होते.

तो पेशवाईतला निवाडा होता. त्याच्या दोन नकला झाल्या होत्या, एक जिंकलेल्याला आणि एक हरलेल्याला. जिंकलेल्या घराने आपली नक्कल पुजून पुजून पुसली. हरलेल्या घराने आपली कणगीखाली दडपली आणि ती शाबूत राहिली. पुढे दोन्ही घरांत वाचणारा कोणी उरला नाही, आणि मान खालच्या आळीकडे कधी सरकला तेही कोणाला आठवले नाही. निवाडा असा होता की पोळ्याचा मान वरच्या आळीचा.

गेणभाऊंना वाचता येत नाही. ते आण्णांच्या तोंडाकडे पाहत होते. "आमच्या वाडवडलांचं नाव हाय नव्हं?"

आण्णा खोटे बोलत नाहीत. ते म्हणाले, "आहे. नाव स्वच्छ आहे." आणि मला म्हणाले, "रखमाजी, उतरून घे."

मी उतरून घेतला. पूर्वार्धात तो छापला आहे आणि पुण्याच्या जाणकारांनी त्याची मोठी वाखाणणी केली. त्या पोळ्याला गावाने ग्रंथ वेशीत आणून वाचला आणि मान वरच्या आळीला गेला. गेणभाऊ आण्णांकडे आले. भांडले नाहीत. एवढेच म्हणाले, "आण्णा, माझ्या हातानं दिला की हो म्या." धर्माजी पाटलांनी आभार मानावेत की नाही? ते म्हणाले, "त्यात नवं काय? आमच्या कागदात बी हेच व्हतं!" मान मिळाला, पण पुरावा गेणभाऊंच्या घरून निघाला याचा सल त्यांना अजून आहे. गेणभाऊ तेव्हापासून पोळ्याला बैल वेशीकडे नेत नाहीत. मागच्या ओढ्यातून फिरवून गोठ्यात बांधतात.

सभेत हशा पिकला आहे, तो योग्यच आहे. मीही पुष्कळ वर्षे ही हकिकत हसतच सांगत होतो.

आता चरित्रातला अलीकडचा भाग. दोन वर्षांपूर्वी धरमचंद आण्णांकडे येऊ लागले. पुण्यास इंग्रजी शिकलेले, आवाज स्वच्छ, कोट इस्त्रीचा. त्यांच्या गुणांविषयी मी बोलणे बरे नव्हे, कारण ते माझ्याहून कोणाला अधिक पाठ नाहीत. आण्णांनीच ते मला पाठ करून दिले. मी लिहीत असलो की म्हणायचे, "धरमचंदची मांडणी पाहा. कुठला कागद कुठे बसतो ते त्याला न सांगता कळते." मी आंबेगावाकडची पाटील घराण्यांची माहिती उन्हातान्हातून पायी फिरून आणली, तर म्हणाले, "छान. धरमचंदने आणली असती तर तीही अशीच असती." अशीच म्हणजे काय? त्या 'अशीच'वर मी किती विचार केला असेल, हे अध्यक्षमहाराज, आपण विचारू नये.

आण्णांच्या भगिनी साळुबाई पडद्याआड बसल्या आहेत. त्यांनी मला काही लपवले नाही. एकदा मी ओसरीवर आलो, तर आत्याबाई तांदूळ निवडता निवडता म्हणाल्या, "आलास का? बस. तुला एक सांगू का रखमा? त्यो धरमचंद यायचा असला की आमचा आण्णा पगडी घालून बसतो. तू आलास की म्हणतो, दौत कुठं ठिवली बघ."

मी म्हणालो, "आत्याबाई, मी घरचा म्हणून."

"व्हय, घरचाच. घरच्या माणसाला कोण पान मांडतं?"

आण्णांची दृष्टी अधू झाल्यावर कागद वाचून दाखवायचे काम धरमचंदांकडे गेले. चष्मा पुसायचे कामही. तो चष्मा पूर्वी मी पुसत होतो. ही क्षुल्लक गोष्ट या सभेत सांगू नये असे मला वाटत होते, म्हणून ती मी कागदावर लिहिली नव्हती. तोंडून गेली.

मग मी काय केले? जे गेणभाऊंनी केले तेच. धरमचंदांनी एक कागद आणला की मी दोन आणायचे. त्यांनी ओतूरच्या पेठेची माहिती दिली की मी घोड नदीच्या काठची सगळी गावे पालथी घालायची. माझ्या वडिलांनी कोणाला न दाखवलेले आमच्या घराचे जुने कागद होते, तेही मी नेऊन दिले. आण्णांनी ते उघडायच्या आधी विचारले, "धरमचंदला दाखवलेस?"

हे पुढचेही कागदावर नाही. आज सकाळी या दाराला आम्ही दोघे तोरण बांधत होतो. ते एका टोकाला, मी दुसऱ्या. मग धरमचंद म्हणाले, "रखमाजीभाऊ, एक विचारू? रागावणार नाही?"

"विचारा."

"आण्णांना तुमचं इतकं कौतुक का हो?"

मला वाटले चेष्टा आहे. "माझं?"

"रोज! तुमच्या नावानं मला घास गोड लागत नाही. काही वाचलं की म्हणतात, रखमाजी असता तर एव्हाना खालची सही वाचून झाली असती. वर ऐकवतात, शेठजीच्या पोरा, तुला आकडे कळतात, माणसं रखमाजीला कळतात. मी आईला सांगितलं, मला आता बेल्ह्याला बैल विकत बसलं पाहिजे, त्याशिवाय आण्णांना मी आवडायचा नाही."

मी त्यांना 'अशीच' सांगितले, चष्मा सांगितला. ते म्हणाले, "चष्मा? अहो, मी पुसून दिला की म्हणतात, रखमाजी धोतराच्या सोग्यानं पुसायचा, ते स्वच्छ असायचं!"

"आणि उत्तरार्ध?" मी विचारले. "तुम्हाला सांगितलं असेल."

"मला म्हणाले, रखमाजीला द्यावा असं मनात येतं. तुम्हाला?"

"मला म्हणाले, धरमचंदला."

धरमचंद हसू लागले. इतके हसले की त्यांच्या हातून तोरणाचे टोक सुटले. "वरची आळी आणि खालची आळी," ते म्हणाले. "दोघांनी आपापला कागद आणून टाकला!"

मी हसलो नाही. सभाजन हो, मला काय वाटले ते सांगतो. मला वाटले होते की चष्मा गेला, वाचन गेले, शेजारची जागा गेली. निदान हा हेवा तरी माझा एकट्याचा आहे. तोही आण्णांनी दोघांना सारखा वाटून दिला होता.

गुरुवर्य, आपल्याविषयी माझ्या मनात अनादर नाही. आपल्या पद्धतीने या प्रांतातल्या शंभर घरांच्या पेट्या उघडल्या. त्या उघडल्या नसत्या तर सगळे कागद हळदीखाली गेले असते, नाहीतर उंदरांनी खाल्ले असते. आपण चांगल्या शब्दांनी सांगून पाहिले असते, तर कोणी काही दिले नसते, हेही मला मान्य आहे. पण कागद उतरून घेतला की आपली गाडी पुढच्या गावाला जात असे. पेटवलेला हेवा गावातच राहत असे. त्याचे पुढे काय होते, हे आपल्या टाचणांत कोठेही नाही. मी सर्व टाचणे पाहिली आहेत.

उत्तरार्धात मला ते लिहायचे आहे. पहिल्या प्रकरणात गेणभाऊंचा निवाडा पुन्हा छापायचा आहे आणि त्याखाली लिहायचे आहे की मान वरच्या आळीचा खरा, पण तो ज्या कागदावरून सिद्ध झाला तो कागद खालच्या आळीने पिढ्यान्‌पिढ्या जपला. नकळत का होईना, जपला. हे पूर्वार्धात यायला हवे होते. गेणभाऊ मान खाली घालून बसले आहेत. पाटील मात्र माझ्याकडे रोखून पाहत आहेत. पाटील, आपण रागावला तरी मी ते लिहीन.

अध्यक्षमहाराजांनी घड्याळ काढले आहे, तेव्हा आवरते घेतो.

आण्णा, आपण आम्हां दोघांना पुष्कळ शिकवले. मोडी लावायला शिकवले, खोटी मोहोर ओळखायला शिकवले. एक गोष्ट मात्र शिकवली नाही, ती म्हणजे मागायचे कसे. आपल्याकडे कोणी कधी काही मागितले नाही. दुसऱ्याला मिळेल या भीतीने आणून मात्र दिले. मीही मागितले नाही. वाट पाहत राहिलो आणि जळत राहिलो. म्हणून आता सर्वांच्या देखत, धरमचंदांची स्तुती न करता आणि त्यांची निंदाही न करता मागतो. उत्तरार्ध मला द्या. मी तो चांगला लिहीन. मला तो हवा आहे, आणि तो धरमचंद लिहिणार असतील तर मला वाईट वाटेल, हे लपवण्यात अर्थ नाही. तरी आपण त्यांना दिलात, तर घोड नदीकाठच्या गावांची टाचणे मी स्वतः त्यांच्या घरी पोहोचवीन. ती त्यांना लागणार आहेत, आणि माझे अक्षर त्यांना लागत नाही असे कोणी म्हणू नये.

धर्मशाळेच्या चालकांनी जागा दिली, शेठजींनी बैठक, दिवे आणि गुलाबपाणी दिले, मामलेदारसाहेबांनी वेळ दिला, गावोगावच्या मंडळींनी सुगीच्या दिवसांत बैल मोकळे केले आणि साळुबाईंनी इतकी वर्षे ओसरीवर आम्हां दोघांना चहा पाजला, याबद्दल सर्वांचा ऋणी आहे. माझ्या बोलण्यात मर्यादेबाहेर काही गेले असेल, तर आपण मोठ्या मनाने ते पोटात घालावे. गुरुवर्यांनीही घालावे. त्यांना नाशिकास सुखरूप प्रवास घडो आणि लेकीच्या घरी चैन पडो.

आता बोलण्याची पाळी धरमचंदांची आहे. त्यांचे भाषण माझ्यापेक्षा चांगले होणार, हे मला ठाऊक आहे आणि ते मला मुळीच आवडलेले नाही. पण धरमचंद, आपण आण्णांचे गुणगान करून खाली बसू नका. तुम्हालाही तो हवा आहे, सकाळी तुमच्या हातून तोरण सुटले तेव्हाच मला कळले. उठा, आणि माझ्यासारखे स्वतःच्या तोंडाने मागा.